निजसुरे सर आणि थॉर्नबी बाई

निजसुरे सरांबद्दल चांगलं म्हणता येईल अशी एकच गोष्ट आहे, ती आधी सांगून मोकळी होते. त्यांचा आवाज छान आहे. खर्जातला, भरदार, प्रत्येक शब्दाला पाट मांडून बसवणारा. त्या आवाजात त्यांनी सिंगापूरच्या एमआरटी गाडीतल्या सूचना वाचून दाखवल्या असत्या तरी आमच्याकडच्या निम्म्या आज्या डोळे पुसत घरी गेल्या असत्या. बाकी त्या माणसात आदर वाटावा असं मला काही सापडलं नाही, आणि मी सहा वर्षं शोधत होते.

'आहे' म्हणते, कारण सर अजून धडधाकट आहेत आणि आमच्याच चोआ चू कांग भागात राहतात. माझ्यापुरते ते एका रविवारी संपले, एवढंच.

'सर' ही पदवी त्यांनी स्वतःच घेतली होती. आयुष्यात ते कुठल्या वर्गावर शिकवायला उभे राहिले नव्हते. पुण्याहून आले, वन-नॉर्थच्या एका सॉफ्टवेअर कंपनीत मॅनेजर झाले, पीआर, म्हणजे इथे कायम राहण्याचा परवाना, मिळवला आणि वेळेवर निवृत्त झाले. पण कुणी 'निजसुरे काका' म्हटलं की त्यांना ऐकू येत नसे. 'सर' म्हटलं की लगेच मान वळे. पहिल्या भेटीत त्यांनी मला विचारलं, "आपण काय वाचता?" मी तोंड उघडायच्या आत म्हणाले, "हल्ली कुणीच काही वाचत नाही." आणि पुढच्या माणसाकडे वळले.

त्यांचा विषय एकच. मिसेस अ‍ॅडलेड थॉर्नबी, व्हिक्टोरिया राणीच्या काळातल्या एक इंग्रज कादंबरीकार. तुम्ही नाव ऐकलं नसेल तर वाईट वाटून घेऊ नका, इंग्लंडातही आता कुणी ऐकलेलं नाही. एके काळी मात्र त्यांच्या कादंबरीचा नवा हप्ता आला की साप्ताहिकाच्या दुकानापुढे रांग लागायची, मालकीण आणि स्वैपाकीण एकच अंक आळीपाळीने वाचायच्या, असं सर सांगत. कापडवाल्याची मुलगी, दारुडा नवरा, चार पोरं, आणि जेवणाच्या टेबलाच्या एका टोकाला बटाटे सोलले जात असताना दुसऱ्या टोकाला लिहिलेल्या वीसेक जाडजूड कादंबऱ्या. त्यांचं 'चरित्र आणि कार्य' सर मराठीत लिहीत होते. मी सिंगापूरला आले तेव्हा तो ग्रंथ शेवटच्या टप्प्यात होता. आजही त्याच टप्प्यात आहे.

मिसेस थॉर्नबींना सर 'बाई' म्हणत. "बाई सकाळी न्याहारीच्या आधी तीन पानं लिहीत आणि तोवर कुणाशी बोलत नसत." म्हणून सरही न्याहारीच्या आधी कुणाशी बोलत नसत. लिहीतही नसत, पण बोलत नसत. त्यांची बायको नीलाताई चहाचा कप ठेवून चोरपावलांनी बाजूला व्हायची. इथल्या चिकचिकत्या हवेत सर कोटाच्या आत घालतात तसली बंडी घालून फिरत, घाम पुसत, आणि खाण्याच्या टपऱ्यांच्या हॉकर सेंटरला जाऊन सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात 'कोपी ओ कोसोंग' मागत. म्हणजे बिनदुधाची, बिनसाखरेची कॉफी. पहिला घोट घेतल्यावर त्यांचं तोंड कडू व्हायचं ते आम्ही सगळे बघायचो.

बाईंच्या नवऱ्याची त्यांना भारी चीड. एका गणपतीत मंडळाने त्यांना दहा मिनिटं बोलायला दिली, तर हा माणूस चाळीस मिनिटं त्या नवऱ्यावर बोलला. बाईंच्या कष्टांवर तो कसा मिरवला, प्रकाशकांच्या मेजवान्यांना एकटाच कसा गेला, तिची बोटं शाईने काळी होत असताना हा खुर्चीत कसा बसून राहिला. बोलता बोलता सरांनी रुमाल काढून डोळे टिपले. तेव्हा नीलाताई मागे त्यांच्याच कार्यक्रमाच्या खुर्च्या एकटीने लावत होती, कारण पाहुणे जास्त आले होते आणि सरांनी माईकवरूनच "नीला, खुर्च्या" असं म्हटलं होतं. नाचासाठी नटून ताटकळलेली एक चिमुरडी शेवटी इथल्या इंग्रजीत मोठ्याने म्हणाली, "अंकल, फिनिश ऑलरेडी ला." म्हणजे, पुरे झालं आता. तिच्या आईने तिला गप्प केलं. मी त्या मुलीला नंतर दोन मोदक जास्त दिले.

सरांचा खरा दरबार भरायचा तो रविवारी दुपारी चार वाजता, आमच्या ब्लॉकच्या खालच्या रहिवासी समितीच्या खोलीत. इथल्या मराठी जोडप्यांचे आईवडील सहा महिने, वर्षभर पासवर, म्हणजे मुक्कामाच्या परवान्यावर, येतात. मुलगा आणि सून ऑफिसात, नातवंडं इंग्रजीतून उत्तरं देणारी, शेजारी चांगले पण भाषा वेगळी. ही मंडळी दिवसभर खिडकीतून समोरच्या ब्लॉकचे वाळत घातलेले कपडे मोजतात. त्यांच्यासाठी सरांनी बाईंच्या कादंबरीचं वाचन सुरू केलं. इंग्रजी पुस्तक समोर धरायचं आणि तोंडाने मराठीत सांगत जायचं. सेम्बावांगहूनसुद्धा दोन आज्या गाडीने यायच्या. यात सरांचं काही उपकार करण्याचं मन होतं असं समजू नका. ऐकणारे हवे होते, आणि यांच्याइतका रिकामा वेळ सिंगापुरात दुसऱ्या कुणाकडे नव्हता.

वाचनाला ते 'हप्ता' म्हणत. आणि हप्ता कुठे तोडायचा हे त्यांना बरोबर कळे. कुणाचा हात दाराच्या कडीवर, कुणाचं पत्र अर्धं उघडलेलं, की पुस्तक मिटलं. मग लगेच उठायचे नाहीत. समोरच्या चेहऱ्यांवरून सावकाश नजर फिरवायचे. म्हाताऱ्या माणसांची ती तगमग बघून त्यांच्या चेहऱ्यावर जे समाधान यायचं, ते बघून मला नेहमी हात धुवावेसे वाटायचे. एकदा एक आजी म्हणाल्या, "अहो, हे आमच्या टीव्हीवरच्या मालिकेसारखंच आहे की." सर आठवडाभर त्यांच्याशी बोलले नाहीत. मालिका म्हणजे कचरा आणि बाई म्हणजे साहित्य, हे त्यांनी पुढच्या रविवारी अर्धा तास समजावून सांगितलं. आजींचं म्हणणं अगदी बरोबर होतं.

दुसरे एक देशमुख आजोबा यायचे, लातूरकडचे निवृत्त इंग्रजीचे मास्तर. खरे सर तेच. त्यांनी एकदा नम्रपणे विचारलं, "त्या काळी या कादंबऱ्या तीन खंडांत निघत ना? तुमच्याजवळ तिन्ही आहेत का?" सरांनी चष्मा काढला. "आजोबा, प्रश्न शेवटी." शेवटी आजोबांनी पुन्हा हात वर केला तेव्हा सर म्हणाले, "ज्यांना ऐकण्यापेक्षा शंका काढण्यात रस आहे त्यांनी घरी बसून वाचावं." सगळे हसले. आजोबा पुढच्या वेळी आले नाहीत. मीही हसले होते, हे लपवत नाही.

आता माझ्या सासूबाईंबद्दल सांगायला हवं, कारण त्यांच्यामुळे मी त्या खोलीत बसायचे.

आई मिरजेच्या. माझ्या नवऱ्याच्या, समीरच्या, पाठीवर त्यांना मुलगी झाली, शैला. आईंच्या थोरल्या जाऊबाईंना मूल नव्हतं. मामंजींच्या वडिलांनी एक दिवस जेवता जेवता ठरवलं आणि अकरा महिन्यांची शैला वरच्या मजल्यावरून खालच्या मजल्यावर गेली. आईंना कुणी विचारलं नाही. त्याच घरात, एका जिन्याच्या अंतरावर, ती मुलगी त्यांना 'काकू' म्हणत मोठी झाली. घरात सगळ्यांना ठाऊक होतं, शैलालाही शाळेत असतानाच कुणीतरी सांगितलं होतं. पण त्या दोघी या विषयावर एकमेकींशी कधी एक अक्षर बोलल्या नव्हत्या. थोरल्या जाऊबाई जाऊनही आता दहा वर्षं झाली, तरी नाही.

सर तेव्हा वाचत होते ती कादंबरी म्हणजे 'हातमोज्यांचं दुकान'. समुद्रकाठच्या गावात हातमोजे शिवणारी क्लारा, तिने गरिबीपायी आपली तान्ही मुलगी डॉक्टरशी लग्न झालेल्या बहिणीला देऊन टाकलेली. बहीण गाव सोडून जाते. वीस वर्षांनी एक तरुणी लग्नाचे हातमोजे शिवायला दुकानात येते. क्लारा माप घेण्यासाठी तिचा हात हातात घेते आणि करंगळीवरच्या खुणेवरून ओळखते. ती बोलायला तोंड उघडते.

सरांनी पुस्तक मिटलं. नजर फिरवली.

मी आईंकडे पाहिलं. त्यांनी आपल्याच डाव्या हाताची बोटं उजव्या हातात घट्ट धरली होती. लिफ्टमध्ये त्या म्हणाल्या, "ती बोलते का गं पुढं?"

"माहीत नाही, आई. पुढच्या रविवारी कळेल."

घरी येऊन त्यांनी चहा घेतला नाही. मी शेजारी बसले तेव्हा त्यांनी जे सांगितलं ते माझ्या लग्नानंतरच्या चौदा वर्षांत पहिल्यांदा सांगितलं. "शैलाशी मला एकदा बोलायचंय. मला नको होती म्हणून दिली नाही, एवढंच. तिला तसं वाटत असंल. पण बोलले आणि ती म्हणाली, आता कशाला काकू, तर? मग आहे तेही जाईल." मग म्हणाल्या, "ज्या बाईनं एवढं बरोबर लिहिलंय, तिला पुढचंही ठाऊक असणार. ती मुलगी काय म्हणते तेवढं ऐकते, मग ठरवते."

हसू नका. आईंना दुसरं विचारायला कोण होतं? मला विचारलं असतं तर मी म्हटलं असतं, बोला, आत्ता फोन लावा. पण मी सून. माझ्या शब्दापेक्षा शंभर वर्षांपूर्वी मेलेल्या त्या इंग्रज बाईचा शब्द त्यांना जास्त भरवशाचा वाटला, आणि क्लारा तो हात हातात घेते ते मीही ऐकलं होतं, त्यामुळे मला ते पटलंही.

पुढच्या रविवारी सरांनी वाचन केलंच नाही. उत्कंठा वाढावी म्हणून मध्येच बाईंच्या दाताच्या दुखण्यावर तासभर व्याख्यान दिलं. त्याच्या पुढच्या रविवारी त्यांना सर्दी होती. त्या दोन आठवड्यांत आईंच्या पायांवर सूज आली, तपासण्या झाल्या, आणि डॉक्टरांनी आम्हाला बाजूला घेऊन सांगितलं की हृदय थकलंय, या वयात शस्त्रक्रिया करण्यात अर्थ नाही. आईंनी ते आमच्या तोंडावरूनच ओळखलं. "मला माझ्या घरी जाऊ दे," म्हणाल्या. तिकीट गुरुवारचं मिळालं.

सोमवारी मी ऑफिसमधून लवकर निघून सरांना हॉकर सेंटरवर गाठलं. कॉफी समोर होती.

"सर, आई गुरुवारी परत चालल्यात. त्यांना फक्त शेवट सांगा. क्लारा बोलते का, आणि मुलगी काय म्हणते."

"मनीषा, तू अकाउंट्सवाली. तुला हे कळणं अवघड आहे." ते मान हलवून हसले. "मोठमोठ्या उमरावांच्या बायका बाईंना पत्रं लिहीत, शेवट सांगा म्हणून. बाईंनी एकीलाही सांगितला नाही. हप्त्याची एक शिस्त असते."

"सर, त्या पुन्हा येणार नाहीत."

"तीच तर गंमत असते साहित्याची. काही गोष्टी अपुऱ्याच चांगल्या."

मग मी ते केलं ज्याबद्दल मी अजून स्वतःला माफ केलेलं नाही. मी त्यांना शैलाचं सगळं सांगितलं. आईंनी विश्वासाने सांगितलेलं, त्या टेबलावर, चिकन राइसच्या वासात, या माणसापुढे मांडलं. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं. खिशातून पेन काढलं आणि टिश्यू पेपरवर काहीतरी टिपलं. "वास्तव आणि साहित्य यांचा असा संगम," ते म्हणाले, "चरित्रात घेता येईल."

मंगळवारी त्यांचा फोन आला. बाईंचा नियम ते एकदाच, केवळ आईंसाठी मोडणार होते. बुधवारी दुपारी येतो म्हणाले. मी आभार मानले, तेही अगदी मनापासून.

आले ते बंडी घालून, नीलाताईला न घेता. आईंच्या पलंगाशी खुर्ची ओढली, पुस्तक उघडलं आणि तो आवाज लावला. बॅगा बांधून झाल्या होत्या, घरात चकलीच्या भाजणीचा वास होता, कारण आई निघतानाही समीरसाठी डबे भरत होत्या. मी दारात उभी होते. सरांनी पंधरा मिनिटांत पान एकदाच उलटलं. मला तेव्हाच शंका यायला हवी होती.

त्यांनी सांगितलेला शेवट असा. क्लारा तोंड उघडते आणि मिटते. माप घेते. रात्ररात्र जागून असे हातमोजे शिवते की गावात कुणी पाहिले नव्हते. लग्नाच्या दिवशी चर्चच्या मागच्या बाकावर बसून ते लेकीच्या हातावर बघते. मग दुकान बंद करून निघून जाते. मुलीला कधीच काही कळत नाही.

"कधीच नाही?" आईंनी विचारलं.

"कधीच नाही, काकू. आणि हीच क्लाराची थोरवी." सरांनी पुस्तक मिटून छातीशी धरलं. "आईचं प्रेम बोलत नसतं. बोललं की ते मागणं होतं. बाईंचं हे वाक्य मी माझ्या ग्रंथाच्या पहिल्या पानावर घालणार आहे."

आईंनी पांघरुणाची कड सरळ केली. मग त्यांनी त्या माणसाला हात जोडले. "बरं झालं सांगितलंत," म्हणाल्या. मी त्यांना चहा दिला, वर चकल्या दिल्या. सरांनी चार खाल्ल्या आणि तिखट जरा कमी आहे म्हणाले.

आईंना न्यायला शैला मिरजेहून पुण्याच्या विमानतळावर ड्रायव्हरसह गाडी घेऊन आली होती. दोघी मागच्या सीटवर बसून पाच तास घरी गेल्या. घरी पोचल्यावर आईंनी मला फोन केला, प्रवास चांगला झाला म्हणाल्या. मी विचारलं, "शैलाशी बोललात?" त्या म्हणाल्या, "नाही गं. कशाला तिला त्रास." आवाज इतका शांत होता की मला वाटलं, बरं झालं, त्यांनी मनाशी ठरवून टाकलं. दोन महिन्यांनी आई गेल्या.

तेराव्याला मिरजेत शैला माझ्याबरोबर भांडी पुसत होती. ती फारशी बोलणारी नाही. पातेलं पुसता पुसता म्हणाली, "वहिनी, त्या दिवशी गाडीत काकू काहीतरी बोलतील असं मला वाटत होतं. साताऱ्यापर्यंत मी त्यांचा हात धरून बसले होते. त्यांनी दोनदा माझ्याकडं बघितलं. मग विचारलं, एसी जास्त आहे का गं." तिने पातेलं पालथं घातलं. "मी पण कधी विचारलं नाही म्हणा. वाटायचं, नको असेन मी त्यांना म्हणून दिलं असेल, उगाच कशाला त्यांना कोंडीत पकडायचं." मी काय करायला हवं होतं ते मला ठाऊक होतं. मी सांगितलं तिला, आईंनी मला जे सांगितलं होतं ते शब्द न् शब्द. ती ऐकत राहिली, आणि शेवटी म्हणाली, "हे त्यांच्या तोंडून हवं होतं हो."

सिंगापूरला परतल्यावर नीलाताई भेटायला आली. ती या गोष्टीतली एकमेव शहाणी, त्यामुळे तिच्याबद्दल सांगण्यासारखं फार नाही. मेतकूट घेऊन आली होती. बोलता बोलता मी म्हटलं, तुमच्या सरांनी निदान शेवट तरी सांगितला, आईंना तेवढं समाधान. ती चमकली. "शेवट? कुठला शेवट? आमच्याकडे दोनच खंड आहेत, मनीषा. ब्रास बासाच्या जुन्या पुस्तकांच्या दुकानात दोनच मिळाले होते. तिसरा मागवू का, म्हणून मी किती वेळा विचारलं. हे म्हणाले, अभ्यासकाला त्याची गरज नाही, बाईंचा शेवट काय असणार ते मी सांगू शकतो." मग तिच्या लक्षात आलं आणि तिने पदर तोंडाला लावला.

इंग्लंडातल्या एका विद्यापीठाच्या ग्रंथालयाला मी ईमेल केलं. पाच दिवसांत तिसऱ्या खंडाची छायाप्रत आली. पाच दिवस. तो माणूस दहा वर्षं या बाईवर व्याख्यानं देत होता.

वन-नॉर्थच्या माझ्या ऑफिसातून घरी येताना मी ती गाडीत उभ्याने फोनवर उघडली. शोधावं लागलं नाही, पहिल्याच पानावर होतं. क्लारा बोलते. मी तुझी आई, म्हणते. आणि मुलगी हात सोडवून घेत नाही. ती म्हणते, मला ठाऊक आहे, मला हातमोजे नकोच होते, मी तुम्ही बोलाल का ते बघायला आले होते. बाकीचा खंड टाकाऊ आहे. आग लागते, जहाज बुडतं, एक हरवलेलं मृत्युपत्र घड्याळात सापडतं, आणि शेवटी सगळ्यांची लग्नं. थॉर्नबी बाईंना लोक का विसरले ते मला नीट कळलं. पण ते एक पान बाईंनी लिहिलं होतं, आणि ते आईंच्या उपयोगाचं होतं. बुओना व्हिस्टाला गाडी बदलायची होती, उतरले पण दुसरी पकडली नाही. फलाटावर बसून ते पान पुन्हा वाचलं आणि लोकांसमोर रडले.

रविवारी चार वाजता मी समितीच्या खोलीत गेले. पासवर आलेली नवी मंडळी बसली होती, सात-आठ आज्या, दोन आजोबा. सर 'हातमोज्यांचं दुकान' पहिल्यापासून पुन्हा सुरू करणार होते. छापून आणलेलं ते पान मी त्यांच्या हातात दिलं. "तिसरा खंड. पहिलं पान."

त्यांनी उभ्यानेच वाचलं. मला वाटलं होतं चेहरा उतरेल, निदान कान तरी लाल होतील. त्यांनी ओठ मुडपले. "हं. इथे बाईंनी घाई केली आहे. हप्त्याच्या दबावाखाली त्या कधी कधी असं करत. खरं सांगू? माझा शेवट जास्त उंचीवर जातो."

"सर, तुमच्या शेवटामुळे आई शैलाशी न बोलता गेल्या. तिकडे ती मुलगी हात धरून वाट बघत होती."

विचार करताना सर डोळे अर्धे मिटत, तसे मिटले. "बघ," ते म्हणाले, "याला म्हणतात साहित्याचा परिणाम." आणि पान घडी करून बंडीच्या खिशात ठेवलं. चरित्रात घ्यायला.

मी भांडायला आले होते. पण या माणसाशी भांडायला त्याच्यात कुणीतरी असावं लागतं. मी वळले, तर पुढच्या रांगेतल्या एका आजीने माझी ओढणी धरली. "तुम्ही आधी ऐकलीय का हो ही गोष्ट? चांगली आहे का?"

"ठीक आहे," मी म्हटलं. मग सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात सांगितलं, क्लारा कोण, मुलगी कुणाला दिली, कशी परत येते, क्लारा काय बोलते आणि मुलगी काय उत्तर देते. दोन मिनिटं लागली. मागून सर "हप्ता, हप्ता" म्हणत होते.

आजीने माझी ओढणी सोडली. "बरं झालं सांगितलंत. माझा पास शुक्रवारी संपतोय." शेजारच्या बाई म्हणाल्या, "म्हणजे पोरीला ठाऊकच होतं." तिसरी म्हणाली, "पोरींना ठाऊक असतंच. माझी नाही का," आणि तिने खुर्ची वळवून आपल्या मुलीचं काहीतरी सुरू केलं. मग दुसरीने आपल्या सुनेचं. बघता बघता सगळ्या खुर्च्या एकमेकींकडे वळल्या. एका आजोबांनी फोन काढून कुणाचा तरी नंबर लावला.

दारातून मी एकदा मागे पाहिलं. सर पुस्तक उघडून उभे होते, पानात बोट घालून, खोली शांत व्हायची वाट बघत. "सुरू करू या?" त्यांनी त्या छान आवाजात विचारलं. कुणी वर पाहिलं नाही. त्यांनी घसा साफ केला आणि पुन्हा विचारलं.